हाकेचे अंतर

"अंतोनिना व्सेवोलोदोव्हना, डावीकडून!"

एवढे लांबलचक नाव नव्या पोरीच्या, तायाच्या, तोंडातून पुरते बाहेर पडेपर्यंत जे व्हायचे ते होऊन गेले होते. पाठीमागे खांबासारख्या येऊन उभ्या राहिलेल्या धिप्पाड मुलीवर तोन्या, म्हणजे तीच अंतोनिना, खांद्याने आदळली. जिच्यावर तिने पहारा ठेवायचा होता ती बाजूने निसटली आणि चेंडू सावकाश बास्केटमध्ये टाकून परतलीसुद्धा. परक्या गावचा तो हॉल खदखदून हसला. वरच्या रांगेतून कोणीतरी तीच हाक, वडिलांच्या नावासकट, बारीक आवाज काढून मारली, तेव्हा पुन्हा हशा पिकला.

सामना गेला. दुसऱ्या दिवशी सकाळी बस सरापुलकडे परत निघाली तेव्हा खिडक्यांवर चिखल उडत होता आणि तोन्या पुढच्या सीटच्या पाठीवर गुडघा टेकवून डोळे मिटून बसली होती. मागे स्नेझाना तायाची फिरकी घेत होती. स्नेझाना संघातली सगळ्यात टवाळ. "पुढच्या खेपेला घरचा पत्ताही सांगत जा गं ताया," ती म्हणाली, "म्हणजे तोन्याचा गैरसमज नको व्हायला, दुसऱ्याच कुणाला हाक मारली म्हणून." मुली हसल्या. ताया हसली नाही. तिच्या कानाच्या पाळ्या लाल झालेल्या तोन्याला खिडकीच्या काचेत दिसल्या.

ताया या हंगामात आलेली, मोझ्गाच्याही पलीकडच्या खेड्यातली, अठरा वर्षांची. खेळ चांगला, पाय हलके, डोके शांत. पण शिक्षक, डॉक्टर आणि आईच्या वयाची माणसे यांना नाव आणि वर वडिलांचे नाव लावून हाक मारायची आणि 'तुम्ही' म्हणायचे, हे तिच्या हाडीमाशी भिनलेले. तोन्या तिच्या आईपेक्षा एका वर्षाने मोठी होती. हे स्नेझानाने खोदून खोदून विचारून काढले होते आणि मग सगळ्या संघाला सांगितले होते.

कोचचा नियम साधा होता. आपण जिच्यावर पहारा देतो ती मुलगी आपल्या सोबतिणीच्या पाठीमागे आडवी उभी राहायला निघाली, की ओरडून सांगायचे. आधी नाव, मग बाजू. नाव नाही घेतले तर पाचहीजणी वळून बघतात. म्हणून संघात सगळ्यांची नावे तोडूनमोडून आखूड केलेली असत, आणि अंतोनिनाची तोन्या झाली त्याला आता बरीच वर्षे झाली होती.

चौदाव्या वर्षी तिने सरापुल सोडले, ते पेर्मच्या क्रीडाशाळेच्या वसतिगृहात राहण्यासाठी. मग व्होलोग्दा, ओरेनबर्ग, एक वर्ष पोलंड, नंतर नोव्होसिबिर्स्क. प्रत्येक गावात दुसऱ्याने निवडलेल्या पडद्यांचे भाड्याचे घर आणि जिन्यात भेटणारा कोणीतरी शेजारी, जो तिची उंची बघून वर हवा कशी आहे म्हणून विचारायचा आणि आपल्याच विनोदावर खूश व्हायचा. ओरेनबर्गला तिचे लग्न झाले, नोव्होसिबिर्स्कला जायच्या वेळी ते मोडले. भांडणसुद्धा झाले नाही. नवऱ्याने तिची बॅग स्टेशनवर नेऊन दिली होती. राष्ट्रीय संघातही दोन उन्हाळे ती होती, बहुतेक बाकावर. शेवटी गावाकडच्या 'झार्नित्सा' क्लबने बोलावले आणि ती आली. आता सदतीस वर्षांची होती. सकाळी पलंगावरून उतरण्याआधी पाय सरळ करून काही वेळ नुसते बसावे लागे. मग भिंत धरून स्वयंपाकघरापर्यंत जाता येई.

तरी तिला आणखी एक वर्ष खेळायचे होते. का, ते तिला नीट सांगता आले नसते. कीर्ती वगैरे गोष्टी केव्हाच मागे पडल्या होत्या. पण सकाळी उठून सरावाला जायचे नसेल तर कुठे जायचे, या प्रश्नापाशी तिचा विचार थांबत असे.

बसमधून उतरल्यावर रुसलान गेरासिमोविचने, म्हणजे कोचने, तिला थांबवून घेतले. पुढच्या वर्षासाठी तोन्याच्या जागी उंच मुलगी शोधायची की नाही, हे क्लबला त्याने या आठवड्यात कळवायचे होते. लहान मुलींच्या वर्गाला शिकवायची जागा त्याने तिच्यासाठी अडवून ठेवली होती. तेही त्याने पुन्हा सांगितले. तोन्या म्हणाली, की कालची चूक तिच्या पायांची नव्हती. पोरगी नाव उच्चारेपर्यंत तिथे ट्राम येऊन गेली असती. पोरीने वेळेत हाक मारली, तर आपण वेळेत पोहोचू.

 कोचही थकलेला दिसत होता.

"बरं," तो म्हणाला. "शनिवारी घरचा सामना आहे. पोरीला शिकव. हाक वेळेत आली आणि तू पोहोचलीस, तर क्लबशी मी भांडतो. आणखी एक वर्ष. पण चूक तिचीच असेल, तर ती बाकावर बसेल. मला बचावातलं भोक बुजवायचंय, कुणाचं का असेना."

तेव्हापासून तोन्याने क्लबच्या खानावळीत तायाला आपल्या शेजारी जेवायला बसवले. समोर गव्हाळ रंगाचा, भातासारखा मोकळा शिजवलेला कुट्टू, वर कटलेट, आणि सुक्या फळांचे गोड पाणी.

"मला मीठ माग," तोन्या म्हणाली.

ताया ताटाकडे बघत राहिली. "तोन्या... मीठ देता का?"

"देता नाही. दे."

"तोन्या, मीठ दे... ना. कृपा करून."

"कृपा कशाला मध्ये? चेंडू येतोय अंगावर, आणि तू कृपा करतेस?"

"घरी कळलं ना, तर आई माझं तोंड साबणाने धुवेल," ताया काकुळतीला येऊन म्हणाली. "मावशी म्हणू का? तोन्यामावशी. ते जमेल मला."

पलीकडून स्नेझाना म्हणाली, की मावशी झकास आहे, पुढल्या वर्षी आजी करू. तोन्यालासुद्धा हसू आले. पण तिने सोडले नाही. रिकाम्या हॉलमध्ये, बसच्या थांब्यावर, कपडे बदलण्याच्या खोलीत ती पोरीकडून आपले आखूड नाव वदवून घेत राहिली. तोन्या, दार लाव. तोन्या, सरक. तोन्या, वेंधळी आहेस तू. हे शेवटचे म्हणताना तायाने डोळे घट्ट मिटून घेतले होते. एकदा बोलता बोलता ताया म्हणून गेली, की त्यांच्या शाळेच्या व्यायामशाळेत तोन्याचा फोटो आहे, कडा पिवळ्या पडल्यात, आणि गुरुजी त्याच्याखाली उभे करून त्यांना उड्या मारायला लावायचे. तोन्याने विषय बदलला. शुक्रवारपर्यंत हाक जमू लागली होती, छोटी आणि धारदार.

शनिवारी कामा नदीवरचा बर्फ पिवळट झाला होता आणि हॉलमध्ये ओल्या कोटांचा वास भरला होता. पेन्शनर बायका थर्मास घेऊन नेहमीच्या जागांवर बसल्या होत्या. त्यातल्या दोघीतिघींनी तोन्याला शाळकरी असल्यापासून पाहिलेले होते. पहिला अर्धा भाग बरा गेला. तोन्याने आपली जागा धरून ठेवली, उंचीच्या जोरावर काही चेंडूही काढले. गुडघा दुखत होता, पण तो रोजच दुखायचा.

मग दुसऱ्या भागात समोरच्या संघाने तोच डाव टाकला. ताया जिच्यावर पहारा देत होती ती मुलगी हळूच निघाली, तोन्याच्या पाठीमागे यायला.

"तोन्या, उजवीकडून!"

हाक स्वच्छ ऐकू आली. किती लवकर आली होती! ती मुलगी अजून चालतच होती, उभीसुद्धा राहिली नव्हती. तोन्याला सगळा डाव दिसला, कुठे पाय टाकायचा तेही दिसले. तिने पायाला सांगितले. पाय निघाला, पण बोलावणे दुसऱ्याला आले असावे अशा बेताने निघाला. खांदा खांद्यावर आदळला. चेंडू बास्केटमधून खाली पडला.

पुढच्या चढाईला पुन्हा तोच डाव. ताया त्याच्याही आधी ओरडली, आणि तोन्या पुन्हा तिथे पोहोचली नाही. या वेळी कोणी हसले नाही. थर्मासवाल्या बायका आपापल्या मांडीकडे बघू लागल्या.

कोचने वेळ मागून घेतला. पाचहीजणी त्याच्याभोवती गोळा झाल्या. तोन्या वाकून, हात गुडघ्यांवर टेकून श्वास घेत होती. तिला बोलायचे होते, पण अजून हवा पुरत नव्हती.

"कुणाचं चुकलं?" कोचने विचारले. "हाक उशिरा आली?"

त्याने डोळे तोन्यावर ठेवले होते. उत्तर मात्र तायाने दिले.

"माझं चुकलं," ती म्हणाली. "दोन्ही वेळा उशीर झाला मला. जीभच वळत नाही."

स्नेझानाने मान वर करून तायाकडे पाहिले. त्या सगळ्यांनी हाक ऐकली होती. कोचनेही ऐकली असणार. पण तो थांबला होता, आणि तोन्याला कळले की आता नुसते गप्प राहिले तरी पुरे आहे. पोरगी बाकावर बसेल, चांगली आठवडाभर बसेल, पुढे कधीतरी पुन्हा उभी राहील. आपल्याला एक वर्ष मिळेल. भाड्याच्या घराचे, बसचे, भिंत धरून चालण्याचे एक वर्ष. ते तिला अजूनही हवे होते. याचेच तिला आश्चर्य वाटले.

कोचने तायाच्या दंडाला हात लावला, बाकाकडे जा म्हणून.

"खोटं बोलतेय ती," तोन्या म्हणाली. "हाक वेळेत होती. लवकरच होती. मी पोहोचले नाही."

"अंतोनिना व्सेवोलोदोव्हना, नाही हो—"

"तू गप बस गं. नीट खेळ." मग ती कोचला म्हणाली, "तिला राहू दे. स्नेझानाला आत सरकव, माझ्या जागी."

शिट्टी वाजली. कोचने बाकावरच्या एका मुलीला आत जायची खूण केली. मुली कोर्टवर गेल्या. तोन्या बाकाच्या टोकाला जाऊन बसली. कोणीतरी तिच्या खांद्यावर टॉवेल टाकला. कोर्टवर बुटांची कुरकुर पुन्हा सुरू झाली. तिने काही वेळ खेळाकडे पाहिले. गुण कोणाचे किती झाले हे तिने पाहिले नाही.

मग ती वाकली आणि बुटाच्या नाड्या सोडू लागली. सामना चालू असताना असे कोणी करत नाही. कोणत्या क्षणी नाव पुकारले जाईल याचा नेम नसतो. कोचने वळून पाहिले. तिच्या हातातली सैल नाडी पाहिली, तिच्याकडे पाहिले आणि पुन्हा कोर्टकडे तोंड केले.

उजवा बूट आणि मोजा निघायला त्रास झाला. मोज्याचा वळ घोट्यावर खोल उमटला होता आणि त्याच्या वरचे सगळे सुजून आले होते. तिने उघडा पाय गार फरशीवर ठेवला. बरे वाटले. आता पाय पुन्हा बुटात गेला नसता. डावा बूटही काढावा, असे तिच्या मनात आले. पण तेवढे वाकायचे तिच्या जिवावर आले होते, म्हणून ती तशीच बसून राहिली.