नऊ विसा

"एक आली, दोन आल्या, तीन आल्या दाराशी,
चौथीचं कोकरू गं अडलं बाई बोरीपाशी..."

मेंढरं मोजताना माय गायची, तो आवाज. गहिनीनाथ तेव्हा सहा-सात वर्षांचा असेल. दिवस कलला की माळावर वाघर ठोकली जायची, म्हणजे दोऱ्यांच्या जाळीचं गोल कुंपण. तिच्या तोंडाशी तुळजाबाई एक पाय आत, एक पाय बाहेर ठेवून उभी राहायची आणि एकेका मेंढीच्या पाठीला हात लावत, गात गात, आत सोडायची. आकडे तिला विसापर्यंतच यायचे. एक विस भरली की पदरात एक खडा. तीन खडे झाले की तीन विसा, साठ मेंढ्या, सगळं धन घरात. मग ती जाळी ओढून घ्यायची आणि म्हणायची, "मिटलं." त्या एका शब्दावर गहिनीनाथचे डोळे मिटायचे. पुढं पक्क्या छताखाली, पंख्याखाली झोपला तो. पण 'मिटलं' ऐकून यायची तसली झोप पुन्हा काही आली नाही.

चार इयत्ता जास्त शिकला म्हणून अंबाजोगाईच्या दवाखान्यात वॉर्डबॉय लागला. स्ट्रेचर ढकलणं, सलाईनच्या बाटल्या आणणं, मेलेल्याच्या नातेवाइकाला खुर्ची देणं. नोकरी पक्की झाली, लग्न झालं, भाड्याच्या खोल्या बदलून बदलून बायकोच्या भांड्यांना पोचे पडले. आणि पंधरा वर्षांमागं गावाच्या कडेला दोन खोल्यांचं घर निघालं. किंमत पंधरा लाख. बँक बारा देणार होती. तीन कुठून आणायचे, हे त्यानं मायला विचारलंच नव्हतं. मेंढरं विकायची, एवढं नुसतं सांगितलं होतं.

तुळजाबाई वडवणीकडच्या त्यांच्या गावी पत्र्याच्या खोलीपुढं बसून लोकर पिंजत होती. बाप जाऊन तेव्हा दोन वर्षं झालेली.

"बँक पैसा देती तो कसा रं?" तिनं विचारलं. "अर्धलीनं का?"

अर्धलीचा व्यवहार त्यांच्या रक्तातला. दुसऱ्याची मेंढी आपण सांभाळायची. होतील त्या कोकरांतलं एक त्याचं, एक आपलं. त्याची मेंढी त्याला परत, आणि आपल्या दारात आपली चार जित्राबं उभी. यात कुणी बुडत नाही, फक्त दम लागतो.

गहिनीनाथनं बँकेत सतरा ठिकाणी सह्या केल्या होत्या. साहेबानं भराभर पानं उलटली होती, यानं भराभर अंगठ्यानं दाबून धरली होती. कळलं होतं ते एवढंच की महिन्याला बारा हजार एकशे एकाहत्तर, असे एकशे ऐंशी हप्ते.

"तसंच समज, माय," तो म्हणाला. "अर्धा हप्ता त्यांचा, अर्धा आपल्या घराचा. पंधरा वर्सं. मग त्योच हप्ता तुझा. महिन्याला एक मेंढी घेऊन दीन तुला. तीन विसाच्या चार विसा करू."

त्याला खोटं बोलायचं नव्हतं. त्याला तसंच वाटत होतं, आणि तेच सगळ्यात वाईट झालं.

व्यापाऱ्याचा टेम्पो आला तेव्हा तुळजाबाईनं प्रत्येक मेंढीचा डावा कान एकदा चिमटीत धरून सोडला. त्या कानाला दोन खाचा. त्यांच्या घराची खूण; आजेसासऱ्यापासून चालत आलेली. कुठल्याही माळावर, कुठल्याही कळपात ती मेंढी कुणाची ते कानावर लिहिलेलं. टेम्पो गेल्यावर तिनं खाचा पाडायची पात्ती तेलाच्या चिंधीत गुंडाळली आणि डब्यात ठेवली. दुसऱ्या दिवसापासून ती गावातल्याच छबुबाईची मेंढरं राखणीनं चारायला जाऊ लागली. पगार महिन्यावर, खूण दुसऱ्याची.

दर महिन्याच्या पाच तारखेला हप्ता खात्यातून कटायचा. मोबाइल वाजायचा, आणि गहिनीनाथ दवाखान्याच्या जिन्याखालून मायला फोन लावायचा.

"माय, गेला."

"गेला तर गेला. सातवा."

वीस झाले की ती म्हणायची, "एक विस भरली. खडा ठिवला." पुढच्या महिन्यात पुन्हा एकपासून. फोनवरचा तिचा आवाज ऐकताना त्याला वाटायचं, हप्ते मेंढरासारखे एकामागं एक जाळीच्या आत चाललेत, आणि माय दारात उभी आहे. मग कशाची काळजी?

बँकेची पत्रं यायची मधूनमधून. पहिलं दुसऱ्याच वर्षी आलं. 'व्याजदरात बदल झाला असून आपला मासिक हप्ता पूर्वीइतकाच राहील.' खाली बारीक अक्षरात आणखी दोन ओळी होत्या. तिथपर्यंत तो गेला नाही. वरच्या ओळीनंच जीव गार झाला. कँटीनमध्ये पत्र दाखवून त्यानं चहा पाजला सगळ्यांना.

सुंदरराव, त्याच्याच वॉर्डातला, त्याच्याच लायनीत घर घेतलेला. तो एकदा म्हणाला, "चल बे, बँकेत जाऊ. पाच हजार भरले की दर बदलून देतेत म्हणं. मी अर्ज करायलोय."

"हप्ता वाढला का तुझा?"

"न्हाई."

"मंग पाच हजार कावून द्यायले? लई झालेत का?" गहिनीनाथ हसला. "बँकेला चरायला मोकळं रानच द्यायलास जणू."

"तुझी मर्जी. मेंढरामागं फिरलेलं टाळकं तुझं, कायद्याचं वाचून काय कळणार!"

सगळे हसले, गहिनीनाथही हसला. ते पाच हजार त्यानं बायकोला लुगड्याला दिले.

आणि दिवस काय, मोजणाऱ्याचे जातातच. दुष्काळाची सालं गेली, कोरोनाची गेली. तेव्हा वॉर्डात त्यानं इतकी माणसं मोजली की आकडा धरवेना. त्याही महिन्यांत हप्ता चुकला नाही. औंदा चैत्रात एकशे ऐंशीवा हप्ता गेला. फोन लावला. पलीकडं माळाचं वारं वाजत होतं.

"माय?"

"नऊ विसा," तुळजाबाई म्हणाली. मग तो शब्द, चाळीस-पन्नास वर्षांनी, तसाच. "मिटलं."

त्या दिवशी गहिनीनाथ जिन्याखाली बसून रडला. एका पेशंटच्या बाईनं पाणी आणून दिलं. तिला वाटलं, याचंही कुणीतरी गेलं.

दुसऱ्या दिवशी अर्ध्या दिवसाची सुट्टी टाकून तो बँकेत गेला. घराची मूळ कागदं परत घ्यायची होती. सोबत किलोभर पेढे. काउंटरवर ऋतुजा नावाची नवी पोर होती, साहेबीण. त्याच्या लेकीच्या वयाची. तिनं खातं उघडलं, पाहिलं, पुन्हा पाहिलं.

"काका, बसा ना."

"बसायचं काय काम, मॅडम. कागदं द्या. आन ह्ये पेढे."

"काका, कर्ज अजून आहे. आठ लाख ऐंशी हजार."

तो हसला. "दुसऱ्या कुणाचं असंल. नीट बघा. एकशे ऐंशी झालेत माझे. मायनं मोजलेत."

तिनं पडदा त्याच्याकडं वळवला. बोलली मात्र पडद्याकडं न पाहता, त्याच्याकडं पाहत. हे तिला कुणी शिकवलं नसावं. "तुम्ही घेतलं तेव्हा दर नऊ टक्के होता. मग वाढला. हप्ता तेवढाच ठेवला, म्हणून मुदत वाढली. पत्रात खाली लिहिलेलं असतं. दर वाढला तेव्हा तुमच्या बारा हजारातले साडेअकरा हजार नुसते व्याजात जायचे. मुद्दलाला सहा-सातशे."

गहिनीनाथच्या डोक्यात आकडा शिरेना. त्यानं तो आपल्या भाषेत आणला. अठरा कोकरं झाली. सतरा त्यांची, एक आपलं. आणि मेंढी? मेंढी तर त्यांचीच. पंधरा वर्षं आपण चारली, पाजली, पावसात पांघरली.

"एकवीस लाख नव्वद हजार भरलेत तुम्ही," ती हळू म्हणाली.

"बारा घेतलते."

"हो."

"मंग अजून?"

"याच हप्त्यानं गेलं तर दहा वर्षं आणि वर चार महिने. आता दर बदलून घेतला तर साडेआठ वर्षं. आधी का नाही आलात, काका? पुष्कळांनी बदलून घेतला. हे तुमच्या शेजारचे... सुंदरराव. त्यांचं मागंच संपलं."

नोकरीची त्याची तीन वर्षं राहिली होती. मायला शहात्तर सरलेली. एवढं गणित त्याला कागदाशिवाय आलं. साडेआठाच्या अर्जावर त्यानं सही केली. या वेळी खालच्या बारीक ओळींवरून बोट फिरवलं, पण अक्षरं पाण्यात पडल्यासारखी हलत होती.

पेढे तसेच घरी आले.

"आवं, उरले कसे?" बायकोनं, शिवकन्येनं विचारलं.

"बँकेतल्या समद्यांना शुगर हाय."

"मेलं, पैसा खाऊन खाऊन झाली असंल," ती हसली आणि डबा घेऊन लायनीत वाटायला निघाली. "घर फिटलं आमचं! घ्या, तोंड गोड करा." सुंदररावाच्या दारातही गेली. गहिनीनाथ आतल्या खोलीत भिंतीला पाठ लावून उभा होता. भिंत गार होती. बँकेची भिंत.

पुढच्या महिन्याच्या पाचला मोबाइल वाजला. हप्ता कटला. जिन्याखाली जाऊन त्यानं फोन काढला, मायचं नाव काढलं, आणि ठेवून दिला. संध्याकाळी तिचाच आला.

"आज पाच हाय, तुझा फोन न्हाई," ती खुशीत होती. "म्हणलं, बरंय बाई. आता कसला फोन! हातच जात हुता मोबाइलकडं. सवय लागली, बघ."

तेव्हा सांगायचं होतं. पण 'जेवलीस का' एवढं विचारून त्यानं फोन ठेवला, आणि एकदा गिळलेली गोष्ट दुसऱ्या दिवशी आणखी खोल गेली. वैशाख गेला, जेठ गेला. बायकोला सांगितलं नाही, सुंदररावाकडं बघणं टाळलं. आषाढात मायचा पुन्हा फोन.

"छबुबाईसंगं बोलणं झालंय. एक विस मेंढी देती. रोख नगं म्हणती, दर म्हैन्याला एका मेंढीचे पैसे देत जावा. तू म्हणलतास ना, हप्ता तेवढाच? म्हणलं, माझ्या लेकाचा हप्ता पंधरा वर्सांत चुकला न्हाई, तुझा काय चुकतोय! गुरुवारी ये. कान तुझ्या हातानं धरायचे."

"माय, जरा थांबली असतीस..."

"अजून? थांबायला माझ्यापाशी काय उरलंय रं?" ती हसली.

गुरुवारी धारूरचा घाट उतरताना एस.टी.च्या खिडकीतून त्यानं सांगायची वाक्यं जुळवली. वडवणीत उतरेपर्यंत ती सगळी घाटात सांडली होती.

पत्र्याच्या खोलीपुढं नवी वाघर ठोकलेली होती. जाळी जुनीच, पण तुटक्या जागी नव्या दोऱ्यानं सांधलेली. शहात्तर वर्षांच्या बोटांनी. आत वीस मेंढ्या. छबुबाईच्या, उजव्या कानाला एक खाच असलेल्या. तुळजाबाई नवं लुगडं नेसली होती. कपाळाला भंडारा. तिच्या पुढ्यात चिंधी उलगडलेली, त्यात पात्ती. पंधरा वर्षांत तिच्यावर गंजाचा एक ठिपका नव्हता. शेजारी ओळीनं नऊ खडे.

"ह्ये का म्हणून?" त्यानं विचारलं.

"तुझ्या घराचे हायेत. मेंढरं बघू देत, कुणाच्या जिवावर आली ती." तिनं त्याला खालीवर पाहिलं. "किती वाळलास! घर फिटलं की माणूस सुटतं म्हणतेत. तू तर उलटाच."

"दगदग हाय, माय."

"हुईल. चल, पयली धर. ती कपाळावर पांढरा ठिपका असलेली. लई गरीब हाय."

त्यानं मेंढी दोन्ही गुडघ्यांत धरली. हात विसरले नव्हते. मेंढीचं काळीज त्याच्या मांडीला धडधड लागत होतं. डावा कान त्यानं चिमटीत धरला; ऊन, मऊ, पानासारखा. कोरा. तुळजाबाई पुढ्यात बसली. डोळ्यांना नीट दिसत नव्हतं म्हणून तिनं कानाच्या कडेवरून आधी अंगठा फिरवला, खाच कुठं घालायची ती जागा हेरली. मग पात्ती उचलली आणि गाऊ लागली. आवाज चिरकलेला, पण चाल तीच.

"एक आली, दोन आल्या, तीन आल्या दाराशी..."

त्याच्या ध्यानात आलं, कानाला पडलेली खाच पुन्हा भरत नाही. मेंढी छबुबाईची. उद्या पैसे न देता परत करायची म्हटली, तरी कानावर मायचं नाव घेऊन जाईल. आणि ती छबुबाईच्या कळपात रोज मायच्याच पुढं चरेल.

"कान ढिला कावून धरलास रं? घट्ट धर."

"माय..."

"बोल की. पात्ती हातात हाय माझ्या."

त्यानं कान सोडला. तिच्या मनगटाभोवती बोटं घातली. मनगट एवढंसं, बोटं एकमेकांवर आली. मेंढी गुडघ्यांतून सुटली आणि इतरांत जाऊन उभी राहिली.

"कापू नगं, माय," गहिनीनाथ म्हणाला. "घर फिटलं न्हाई. अर्धली नव्हती ती. चैत्रापासनं ठावं हाय मला. अजून सव्वाआठ वर्सं हायेत, म्हणजे पाच विसा हप्त्यांना एकच कमी. तुझ्या हयातीत मेंढरं येणार न्हाईत."