घोरणं थांबायचं तेव्हा

क्रेनवाल्याचं घोरणं ही घरात चेष्टेची गोष्ट होती. "माझा मुलगा झोपला की मांजरसुद्धा घर सोडतं," असं त्याची आई म्हणायची. बायको घरीच शिवणकाम करायची. रात्रपाळी करून तो दुपारी झोपला, की मशीनच्या खडखडाटातही तिला आतलं घोरणं ऐकू यायचं.

एका दुपारी ते थांबलं. बरं झालं, म्हणून तिने बाही जोडायला घेतली. पण शांतता लांबतच गेली. ती उठून दारात गेली. त्याची छाती धडपडत होती, पोट आत ओढलं जात होतं, पण श्वास नव्हता. ओठ निळसर पडलेले. ती हाक मारणार तोच, बुडता माणूस पाण्यावर यावा तसा त्याने गचका देऊन श्वास ओढला आणि पुन्हा घोरू लागला. डोळेही न उघडता.

ती घड्याळ घेऊन बसली. तासाभरात तीसएक वेळा. एकदा तर अडतीस सेकंद.

संध्याकाळी सांगितलं तर तो खेकसला, "मला काय धाड भरलीय?" हल्ली तो असाच अंगावर यायचा. उठल्या उठल्या डोकं धरून बसायचा, जेवता जेवता पेंगायचा.

सासूबाईंचा भाजी निवडणारा हात मात्र थांबला. "ह्याचे वडीलही असेच थांबायचे गं. झोपेतच गेले. लोक म्हणाले, पुण्यवान, सुखाचं मरण आलं."

पुढच्या आठवड्यात त्याची दिवसपाळी होती. बायकोचा भाऊ त्याच क्रेनखाली उभा राहून हाताने खुणा द्यायचा. संध्याकाळी तो आला तो पांढराफटक पडून.

"ताई, मी थांबायची खूण केली, शिट्टी मारली. सळयांचा गठ्ठा खाली येतच राहिला. उडी मारली म्हणून वाचलो. वर चढून बघतो तर भाऊजी दांड्यावर हात ठेवून झोपलेले!"

"साहेबांना काय सांगितलंस?"

"ब्रेक अडकला म्हणून."

क्रेनवाला भिंतीकडे बघत म्हणाला, "पापणी मिटल्याचंही कळलं नाही मला."

दवाखान्यात अंगाला वायरी लावून त्याची झोप तपासली. "तासाला त्रेचाळीस वेळा श्वास अडतोय," डॉक्टरीणबाई म्हणाल्या. "मान जाड, वजन वाढलेलं. झोपेत घसा सैल पडतो आणि हवेची वाट मिटते. दारू घेतली की आणखीच. हा मास्क लावून झोपायचं. मशीनची हवा वाट उघडी ठेवते. वजन उतरवा, कुशीवर झोपा. मी सांगेपर्यंत क्रेनवर चढायचं नाही." मग कागदावर लिहिता लिहिता त्यांनी विचारलं, "वडील आहेत?"

बायकोने सासऱ्यांचं झोपेतलं मरण सांगितलं.

त्याने स्वतः साहेबांना खरं सांगितलं आणि गोदामात काम घेतलं. पहिले काही दिवस तो झोपेत मास्क ओरबाडून काढायचा, बायको पुन्हा चढवायची. नवव्या सकाळी तो डोकं न धरता उठला. तीन महिन्यांनी डॉक्टरीणबाईंनी परवानगी दिली.

पण मेव्हण्याने दुसरी क्रेन मागून घेतली होती. "राग नाही, भाऊजी. तुमच्या हुकाखाली पाय ठरत नाहीत."

क्रेनवाल्याने मान हलवली आणि शिडी चढला. खाली बदलीवर आलेला एक पोक्त माणूस, ज्याला कुणीच काही सांगितलं नव्हतं, हुकाखाली येऊन उभा राहिला आणि त्याने हात वर केला.