काळाचा धुरा

जब्बारनं घड्याळाची काच उघडली, लहान काट्याला बोट लावलं आणि तो शिडीवर तसाच थांबला. खाली ग्रामपंचायतीच्या अंगणात अख्खं गाव माना वर करून उभं. बुधवारचे पावणेतीन झाले होते.

हे घड्याळ उलटं फिरवलं की गावाचा दिवसही उलटा फिरतो, हे कळलं ते किसनसिंगमुळे. त्यानं पाहुण्यांसाठी कोंबडा कापला, पाहुणे आलेच नाहीत. रश्शावर यथेच्छ हात मारून तो जब्बारकडे गेला आणि म्हणाला, सकाळवर न्या. कोंबडा पुन्हा कुडावर चढून बांग देऊ लागला. गावाला काहीच आठवेना. ज्यानं मागितलं त्यालाच आठवतं, हा त्या घड्याळाचा कायदा. खाल्लेल्या कोंबड्याची बांग ऐकलेला माणूस सबंध राळेगाव तालुक्यात तो एकटाच. मागे जायची हद्द मात्र एका दिवसाची, आणि काटा वळायचा तो फक्त जब्बारच्या हाताला.

कोंबड्यापर्यंत सारं ठीक होतं. पण मंगळवारी दुपारी तीनला विमलताईंचे यजमान घनश्यामभाऊ पान लावता लावता गेले, आणि चारला जब्बारच्या लेकीला, गझालाला, मुलगी झाली. तिथून गाव उभं चिरलं.

किसनसिंगची बाजू म्हणे, जीव वाचवणारा हात खिशात घालून बसणं हा खूनच. जब्बारची बाजू म्हणे, काळ हे कोणा एकट्याचं वावर नव्हे. शेजाऱ्याच्या वावराचा धुरा, म्हणजे बांध, हातभर सरकवला तर माणूस चोर ठरतो, मग साऱ्या गावाचा धुरा सरकवणाऱ्याला काय म्हणायचं? आणि जन्मलेली पोर पुसली गेली तर पुन्हा तीच येईल याची हमी कोण देणार? नात आहे म्हणून जब्बारचाचाला तत्त्वं सुचतात, असा टोमणा निघाला. एका चुलीवर जेवणारे नवराबायको दोन बाजूंना जाऊन बसले. घनश्यामभाऊ ओसरीत बर्फाच्या लाद्यांवर निकालाची वाट पाहत पडून होते. शेवटी हात वर झाले. 'फिरवा' म्हणणारा एक हात जास्त भरला. तो हात गझालाच्या नवऱ्याचा होता, की त्यानं नुसतं डोकं खाजवलं, यावर अजून वाद आहे.

या सगळ्यात विमलताई एक शब्द बोलल्या नव्हत्या. आता त्या शिडी धरायला पुढे आल्या आणि बाकीच्यांना त्यांनी हातानंच मागे सारलं.

"जब्बारभाऊ, बोट काढा."

"ताई, मी फिरवणारच नव्हतो. पंचायत म्हणते म्हणून चढलो. मले हे मान्यच नाही."

"दर वेळेस हेच म्हणता."

जब्बारचा पाय पायरीवरून निसटता निसटता राहिला.

"दर वेळेस म्हंजे?"

"माह्या सांगण्यावरून तीनदा काटा फिरवला तुमी. नाही नाही म्हणता, मंग माह्या तोंडाकडं पाह्यता अन् फिरवता." विमलताईंचा आवाज सपाट होता. "पहिल्यानं यायले यवतमाळले नेलं, रस्त्यातच गेले. मंग खाटेवरून उठूच देलं नाही, खाटेवरच गेले. तिसऱ्या खेपेले, काल, सारं सांगून टाकलं. तं म्हणाले, काहून घडी घडी मारून राह्यली मले? एकदाचा नीट मरू दे. अन् पान लावत बसले."

पदरानं त्यांनी शिडीचा दांडा उगाच पुसला.

"आता उचलू द्या त्यायले."

जब्बारनं बोट काढलं. काच लावू गेला तर ती त्याला लागेना. कालपासून छातीवर हात ठेवून तो सांगत होता, की या हातानं असलं पाप व्हायचं नाही. त्यानं हात उलटासुलटा करून पाहिला. कोणाचा हात आहे, हेच त्याला उमगेना.

"अन् गझालाची पोरगी?" त्यानं अगदी हळू विचारलं. "दर वेळेस हीच झाली?"

विमलताईंनी वर पाहिलं नाही.

"हिले राहू द्या," त्या म्हणाल्या, आणि ओसरीकडे निघाल्या.

तीन वाजून गेले. माणसं खांदा द्यायला गेली. जब्बार घरी आला. नातीला कपड्यासकट उचलून तो खिडकीच्या उजेडात घेऊन बसला. तिचे कान, हनुवटी, बोटं, पुन्हा कान पाहत राहिला.

"अब्बा," गझालानं खाटेवरून विचारलं, "काय शोधून राह्यले?"