वरकुट्याची मूकपटातली राणी

आपली आई कधीकाळी सिनेमात होती, हे वरकुट्याच्या प्रयागबाईंना ठाऊक होतं, पण लोकांकडून ऐकलेलं. आई, छबूबाई, स्वतः त्याबद्दल अवाक्षर काढत नसे.

छबूबाई लहानपणापासून घोडीवर मांड ठोकून बसायची. ते पाहून पुण्याच्या एका सिनेमा कंपनीनं तिला नेलं. चार-पाच मूकपटांत ती कधी राणी झाली, कधी दरोडेखोरीण. मग बोलपट आले. आवाज तपासायला उभी केली तेव्हा तिनं तोंड उघडलं आणि मालक खो खो हसला. "ही राणी बाजाराला निघाल्यागत बोलते!" ती गावी परतली, संसाराला लागली. संपलं.

यंदा थंडीत पुण्याहून राजलक्ष्मी नावाच्या बाईंचा घरी फोन आला, तो नातीनं घेतला. जुन्या फिल्मा दुरुस्त करायचं त्यांचं काम. छबूबाईच्या एका मूकपटाचा तुकडा सापडला होता. इंदापूरच्या कॉलेजात तो दाखवायचं ठरलं आणि नात संस्कृती प्रयागबाईंना गाडीत घालून घेऊन गेली.

पडद्यावर आई दिसली, संस्कृतीपेक्षाही लहान. घोडीवरून उतरून ती सेनापतीसमोर ताठ उभी राहिली. ओठ हलले. मग पाटी आली: 'प्राण गेला तरी गड सोडणार नाही!'

प्रयागबाई पदर तोंडाला लावून हसायला लागल्या. "तसं न्हाय म्हणत ती."

म्हातारपणी त्यांचे कान गेले होते. समोरच्याच्या ओठांवरूनच त्या बोलणं ओळखायच्या. राजलक्ष्मीबाईंनी फिल्म मागं घेऊन तेवढा भाग पुन्हा लावला.

"ती म्हणती, 'सरक बाबा, घोडी तहानलीया, आदी पानी पाजू दे.'"

सगळे हसले. प्रयागबाईंचे डोळे मात्र भरून आले. आईला जाऊन पन्नास वर्षं होत आली होती, आणि आत्ता ती अगदी कानाशी बोलल्यागत वाटलं.

राजलक्ष्मीबाई त्यांच्यासमोर येऊन बसल्या. "आजी, पुण्यात दाखवताना हे वाक्य पडद्यावर खाली लिहू?"

"लोक हसतील की."

"हसतील. पण आवडून हसतील."

मालक कसा हसला असेल, ते प्रयागबाईंच्या मनात येऊन गेलं. मग त्या म्हणाल्या, "लिवा. पर 'तहानलीया' असंच लिवा. सुधरू नका."

"नाही सुधारत."

"मग लावा फुडं," त्यांनी खुर्ची पुढं ओढली. "घोडीला पानी मिळालं का न्हाय, बघू द्या."