पाळण्यात आधी मी

दचकू नका, बोलतोय तो दगडच आहे. वरवंटा. वाऱ्याने दार आपटू नये म्हणून स्वयंपाकघराच्या दाराशी ठेवलेला, काळा, गुळगुळीत. माझ्याशेजारी भिंतीला टेकून उभा आहे तो पाटा. तो बोलत नाही. जन्मभर खाली राहून सोसायची त्याला सवय, त्यामुळे बोलायचं काम माझ्याकडेच आलं.

पाथरवटाने मला घडवायला घेतलं तेव्हा आपण देव होणार अशी माझी पक्की समजूत होती. टाकीचे घाव सोसल्याशिवाय देवपण येत नाही म्हणतात ना? घाव मी व्यवस्थित सोसले आणि झालो वरवंटा. तक्रार नाही. पण म्हण करणाऱ्याने पुढची हमीही द्यायला हवी होती.

कमलाबाईंनी मला बडोद्याच्या घडियाळी पोळमधल्या घरी आणलं. चटण्या, वाटणं, होळीला पुरण, सगळं माझ्या अंगाखालून गेलं. पुढे मिक्सर आला. ओरडतो भयंकर, पण काम पटकन करतो, हे मान्य केलं पाहिजे. कमलाबाई गेल्या, पोळमधलं घर विकलं, आणि त्यांचे यजमान विश्वंभरपंत, मुलगा कुणाल, सून प्राची अशी मंडळी या तिसऱ्या मजल्यावरच्या फ्लॅटमध्ये आली. येताना पितळेचा बंब भंगारात गेला, जातं गेलं. मला मात्र ठेवलं. का, तर बारशाला लागतो म्हणून.

आपल्यातली ही रीत तुम्ही पाहिली असेल, पण माझ्या बाजूने पाहिली नसेल. बाळाला पाळण्यात घालण्याआधी मला घालतात. मला झबलं, टोपरं, गालावर तीट. गाल कुठला ते ज्याने त्याने ठरवायचं. मग पाळण्याच्या अल्याड एक बाई आणि पल्याड एक बाई मला खालून-वरून देतात-घेतात, ‘कुणी गोविंद घ्या, कुणी गोपाळ घ्या!’ मग बाळाची पाळी. आत्या बाळाच्या कानात नाव सांगते आणि बाकीच्या बायका ‘कुर्रर्र’ करत तिच्या पाठीत धपाधप बुक्के घालतात. चांगल्या शिकल्यासवरल्या बायका. त्यातली एक तर बँकेत मॅनेजर होती, आणि तिचाच हात सगळ्यात जड होता.

हल्ली वरवंटा असतो कुणाकडे? त्यामुळे बारसं निघालं की मराठी मंडळी मला मागून नेतात. स्कूटरवर पायांशी बसून मी नागरवाड्यात गेलोय, कोयलीला रिफायनरीच्या कॉलनीत गेलोय. कितीतरी बाळांच्या पाळण्यात आधी मी झोपलोय. दर वेळी मला वाटायचं, आता कुणीतरी वाकेल आणि माझ्याही कानात काही सांगेल. छे! गोविंद म्हणायचे, गोपाळ म्हणायचे आणि झबलं उतरवून परत दाराशी. पेढे यायचे, तेही प्राचीला.

मग आमच्याच घरी बारसं निघालं. कुणाल-प्राचीला मुलगा झाला. थोरली मोहना तेव्हा पहिलीत होती.

या मुलीबद्दल आधी सांगितलं पाहिजे. ती जे बोलते ते या घरात होतं. एकदा ती म्हणाली की डायनिंग टेबलाखालून बडोद्याची विश्वामित्री नदी वाहते. झालं! विश्वामित्री म्हटली की मगरी आल्याच, आणि तेव्हापासून विश्वंभरपंत पाय वर घेऊन जेवायला बसू लागले. माणूस कोर्टात नोकरी करून निवृत्त झालेला, पुराव्याशिवाय कशावर विश्वास न ठेवणारा. प्राचीने विचारलं, “नाना, तुम्हीसुद्धा?” तर म्हणाले, “अगं, पण उगीच धोका कशाला पत्करायचा?”

तर या मोहनाला सगळ्यांनी सांगून ठेवलं होतं की तुला खेळायला भाऊ येणार आहे. आला तो झोपायचा, उठला की रडायचा, आणि आईला सगळीच्या सगळी घेऊन टाकायचा. त्याला नदीत उतरता येईना की मगर होता येईना. आपल्याला फसवलंय हे पोरीच्या लक्षात आलं, पण सांगते कुणाला?

नाव गुपित होतं. पुण्याहून आलेली शालिनीआत्या आणि आईबाबा यांनाच ठाऊक. मोहना रुसलीय हे पाहून प्राचीने आदल्या दिवशी तिला जवळ घेतलं आणि कानात नाव सांगितलं. “कुणाला बोलायचं नाही हं. पाळण्यात घालेपर्यंत नाव आपल्याकडे सांभाळायचं.” मोहनाने ते रात्रभर सांभाळलं.

बारशाच्या दिवशी मला टोपरं घालून पाळण्यात ठेवलं. अल्याड कुणी उभं राहायचं, पल्याड कुणी, यावरून बायकांचा घोळ चालला होता. तेवढ्यात मोहना वाकली, माझ्या अंगाला तोंड लावलं आणि म्हणाली, “सलील.” मग हळूच कुर्रर्र केलं आणि माझ्याच पाठीत बुक्की मारली. हाताला लागलं तिच्या, पण रडली नाही.

मला काय झालं ते तुम्हाला कसं सांगू? दगडाला पाझर फुटतो म्हणतात, ते खोटं आहे असं मी तोवर समजत होतो. माझ्यापुरतं नाव मला पहिल्यांदा मिळालं. मी आनंदाने अक्षरशः जडावलो, इतका की दोन बायकांना मी उचलवेना.

“नाव दिलं मी याला,” मोहनाने जाहीर केलं. “आता संपलं.”

“अगं वेडे, वरवंट्याला कान तरी असतात का?” शालिनीआत्या हसली.

“ज्या बाजूला मी बोलले तो कान.”

सगळ्या हसल्या. आत्याने बाळाच्या कानात तेच नाव सांगितलं, पाठीत बुक्के खाल्ले, पेढे वाटले. सगळ्यांच्या मते विषय मिटला होता.

मोहनाच्या मते सलील मी होतो. बाळ होतं नुसतं ‘ते’. माझं नाव घेऊन ती मला उठवायची, न्हाऊ घालायची, समोरच्या लीलाबेनच्या हिंचक्यावर, म्हणजे झोपाळ्यावर, बसवायची. लीलाबेन पक्क्या गुजराती, बाई मोठी समजूतदार. माझ्याकडे निरखून बघत त्या म्हणाल्या, “बहु डाह्यो छोकरो! जराय रडतो नथी.” फार शहाणा मुलगा म्हणे मी! मला लस टोचली गेली. सुई वाकली, तेव्हा मोहनाने मला शूर म्हटलं. मी काहीच केलं नव्हतं, पण शौर्य बहुतेक असंच असतं.

प्राची वैतागली. तिने प्रकरण सासऱ्यांपुढे नेलं. विश्वंभरपंतांनी चष्मा लावला, मला पाहिलं, बाळाला पाहिलं आणि म्हणाले, “नाव आधी कुणाच्या कानात पडलं, हा मुद्दा असा सोडता येत नाही.” झालं, निकाल लागला. पुढे सोयीसाठी म्हणून घरात मी सलील आणि बाळ नुसतंच ‘बाळ’ झालं. गंमत म्हणून सुरू केलेल्या गोष्टी माणसांना कधी चिकटतात ते त्यांना कळतच नाही. कुणाल पाळीवरून दमून यायचा आणि विचारायचा, “सलील झोपला का गं?” मोहना सांगायची, “हो, दाराशी.” मग तो माझ्यापुढून चवड्यांवर चालत जायचा.

एका दुपारी आम्ही विश्वामित्री ओलांडत होतो. दिवाण म्हणजे होडी. मोहनाने मला काठावर बसवलं होतं, होडी हलली आणि मी धाडकन खाली आलो.

“सलील पडलाऽऽ!” मोहना किंचाळली.

प्राचीच्या हातून दुधाचं पातेलं सुटलं. विश्वंभरपंत जेवत होते, ते पाय खाली टाकून, मगरींचा विचारही न करता थेट नदीतून धावले. लीलाबेन अनवाणीच समोरून आल्या, “शुं थयुं, शुं थयुं?” करत. सगळे पाळण्याकडे पळाले. पाळण्यात बाळ मूठ चोखत झोपलं होतं. मी जमिनीवर होतो आणि माझ्याखालची फरशी फुटली होती.

एवढा जड मी, आयुष्यात एका माणसाला जागचं हलवू शकलो नव्हतो. त्या पोरीच्या एका शब्दाने सगळं घर पळालं.

प्राची तिथेच दुधात बसली आणि रडायला लागली. मोहनाला कुणी रागावलं नाही. त्यामुळेच बहुतेक ती जास्त घाबरली.

“मला वाटलं माझं बाळ पडलं गं,” प्राची म्हणाली. “मोहना, एकदा तरी त्याला हाक मारलीस का तू? एवढ्या आनंदाने मी तुला त्याचं नाव सांगितलं होतं.” मग तिने डोळे पुसले. “लीलाबेन, हा पाटा-वरवंटा घेऊन जा तुम्ही. कायमचा. माझ्याच्याने आता नाही होत हे.”

लीलाबेन माझ्याकडे बघत राहिल्या. “काले लई जईश,” उद्या नेईन, एवढंच म्हणून त्या फरशी पुसायला लागल्या. दूध सगळीकडे गेलं होतं.

थोड्या वेळाने मोहना माझ्यापाशी येऊन बसली. डोळे लाल. म्हणाली, “सलील, ते नाव मला परत दे ना.” आणि ज्या बाजूला बोलली होती, त्याच बाजूला तिने आपला कान लावला.

खरं सांगतो, मला द्यायचं नव्हतं. गप्प बसणं हा तर दगडाचा धर्म. गप्प बसलो असतो तर कुणी मला दोष दिला नसता, आणि जन्मात एकदाच मिळालेलं नाव घेऊन मी सुखाने लीलाबेनकडे गेलो असतो. तिचा कान ऊन लागत होता. तेवढ्यात पाळण्यातलं पोर रडायला लागलं. प्राची हात धूत होती, ती तिथूनच म्हणाली, “आले रे, आले रे… बाळा.” नाव तिच्या जिभेवर आलं होतं. तिने ते गिळलं, ते मी ऐकलं.

मग मी सांगितलं. आवाज निघाला की नाही ते मला माहीत नाही. पाट्याला विचारा, पण तो बोलणार नाही.

मोहनाने मान डोलावली. ओठ घट्ट मिटून, तोंडात पाणी धरल्यासारखी ती पाळण्यापर्यंत गेली, वाकली आणि म्हणाली, “सलील.” कुर्रर्र केलं. रडणं थांबलं. पोराने मान वळवली आणि बोळकं पसरून तिच्याकडे बघून हसलं. दारात उभी असलेली प्राची पुढे झाली आणि तिने पोरीच्या पाठीत हलकेच एक बुक्की मारली.

दुसऱ्या दिवशी लीलाबेन मला न्यायला आल्याच नाहीत, आणि प्राचीनेही आठवण केली नाही. मी पुन्हा दाराशी आलो. पुन्हा बिननावाचा. “सलील!” अशी हाक आली की अजूनही मी आतल्या आत हलतो. वाईट वाटतं, नाही कशाला म्हणू?

आता सलील रांगतो. बहिणीबरोबर तो नदीत उतरतो, आणि विश्वंभरपंतांचे पाय पुन्हा वर गेले आहेत. मोहना त्याला मगर व्हायला शिकवते आहे. परवा दुपारी मगर नदी सोडून सरपटत माझ्यापर्यंत आली. दोन्ही हातांनी मला धरलं, लाळेने भरलेलं तोंड माझ्या अंगाला, नेमकं त्याच बाजूला टेकवलं, आणि आधी कुर्रर्र करून मग काहीतरी म्हणाली. चांगलं लांबलचक होतं. वर एक चापटही मारली.

नाव काय ते मी सांगणार नाही. ते कानात सांगितलेलं आहे. तुमच्या घरी बारसं निघालं तर मला न्यायला जरूर या, झबलं-टोपरं मला चालतं. मात्र पाळण्यावरून देता-घेताना गोविंद म्हणाल, गोपाळ म्हणाल, तर मी ओ देणार नाही.