वाइमारीच्या नावाची खुंटी

मी एक खुंटी आहे. कपडे टांगायची नव्हे, गाय बांधायचीही नव्हे. जमीन मोजणारे लोक जमिनीत ठोकतात, ती. आमचं काम एकच, ठोकलं तिथे उभं राहायचं. त्यात बढाई मारण्यासारखं काही नाही, पण माझ्या उभं राहण्याने एका बाईचं फार नुकसान झालं. ते सांगितल्याशिवाय मला राहवत नाही.

माझा जन्म चांगल्या घरातला. वाइतोआ नदीच्या वरच्या अंगाला तोताराचं एक मोठं झाड होतं, त्याच्या पोटातली मी. गावचे म्होरके होहेपा आजोबा दर थोड्या दिवसांनी येऊन त्या खोडावर हात फिरवून जायचे. नव्या सभाघराचा मधला खांब याच झाडाचा करायचा, असं त्यांच्या मनात होतं. तोताराचं लाकूड पिढ्यान्‌पिढ्या कुजत नाही. खांब झाले असते तर माझ्यावर पूर्वजांचे चेहरे कोरले गेले असते. पण गोरे मोजणीवाले आले, त्यांच्या रेषेत हे झाड आडवं आलं आणि त्यांना खुंट्याही हव्याच होत्या. त्यांनी झाड पाडलं, फाडलं आणि माझ्या डोक्यावर तापल्या लोखंडाने एक आकडा उमटवला.

सुरुवातीला मजा होती. क्रॉस्बी नावाचा मोजणी साहेब दिवसभर घाम गाळून आम्हाला ठोकायचा. तो पुढे सरकला की मागून गावच्या बायका यायच्या, आम्हाला उपटायच्या, टोपलीत भरायच्या आणि त्याच्या तंबूसमोर नीट रचून ठेवायच्या. त्यात रिपेका सगळ्यात पुढे. तरणीताठी, तोंडाची फटकळ, पाठीवर चार महिन्यांची मुलगी बांधलेली.

"साहेब, तुमचं सामान आमच्या शेतात विसरलात," ती म्हणायची. "आणि ठोकायची एवढी हौस असेल तर आमच्याकडे या. कुंपणं मोडलीत."

साहेबाला शब्द कळत नव्हते, हसणं मात्र कळत होतं. त्याचे कान लाल व्हायचे. दुसऱ्या दिवशी पुन्हा ठोकाठोकी सुरू.

शेवटी तो वैतागला आणि बंदरावरून एक दुभाषा घेऊन आला. त्याचं नाव टिंडल. माणूस वाईट नव्हता. आमची भाषा तो देवघेवीपुरती शिकला होता. डुकरं, बटाटे, तंबाखू, जमीन, एवढं त्याला अस्खलित यायचं. बाळंतपणाचं काही त्याच्या कानावर कधी पडलं नव्हतं, आणि घात झाला तो तिथेच.

आमच्याकडे जमिनीला फेनुआ म्हणतात. मूल जन्मल्यावर आईच्या पोटातून जी वार पडते तिलाही फेनुआच म्हणतात. एका शब्दाचे दोन अर्थ आहेत, असं आमच्या माणसांना कधी वाटत नाही. फेनुआतून मूल येतं आणि फेनुआ फेनुआत पुरायचा. तो पुरला की मूल त्या मातीचं झालं.

रिपेकाने आपल्या मुलीची, वाइमारीची वार रताळ्यांच्या वाफ्याच्या कडेला पुरली होती. नेमकी तीच जागा साहेबाच्या रेषेचा कोपरा निघाली. माझं टोक तिथे टेकवलं, वरून घाव बसायला लागले, तशी ती खुरपं टाकून धावत आली. साहेबाने हात थांबवला. टिंडल पुढे झाला, माझ्या पायाशी बोट दाखवून अगदी अदबीने त्याने विचारलं, "बाई, हा फेनुआ कुणाचा?"

 इतक्या दिवसांत गोऱ्या माणसाने रिपेकाला पहिल्यांदाच काही विचारलं होतं, आणि विचारलं तेही किती जवळचं. तिचा राग निवळला.

"माझ्या लेकीचा. हिचा, वाइमारीचा."

"एकटीचा?"

"मग काय, मला जुळी झालीत का?" ती म्हणाली आणि मागच्या बायका खो खो हसल्या. "एकाचा फेनुआ एकाचाच असतो, बाबा. लग्न झालं नाही वाटतं तुझं अजून?"

टिंडल लाजला. वळून त्याने साहेबाला सांगितलं, "आईच म्हणतेय, जमीन या मुलीची, एकटीची." साहेबाने खूश होऊन लिहून घेतलं. रिपेकाच्या सांगण्यावरून मला वीतभर बाजूला ठोकलं, आणि दोघांनीही तिला टोपी काढून नमस्कार केला.

त्या दिवशी बाकीच्या खुंट्या उपटल्या गेल्या, पण मला कुणी हात लावला नाही. "ही राहू दे," रिपेका म्हणाली. "ही माझ्या पोरीची खूण आहे." होहेपा आजोबांनीही मान हलवली. "पहिल्यांदाच विचारून ठोकलीय त्यांनी. बरं नाही दिसत उपटणं."

मला काय आनंद झाला, सांगू. रिपेका माझ्यावर टोपली अडकवायची. वाइमारी माझं डोकं धरून उभं राहायला शिकली. आपण शेवटी माणसांच्या उपयोगाला आलो, असं मला वाटायचं. मोजणीचं गणित मला ठाऊक नव्हतं. एक खुंटी जागेवर राहिली की तिच्यावरून बाकीच्या सगळ्या पुन्हा ठोकता येतात. तशा त्या ठोकल्या गेल्याच.

मग बंदरावर जमिनीचं कोर्ट भरलं. तिथे काय झालं ते मी ऐकलं नंतर, रिपेका आणि होहेपा आजोबा माझ्याशेजारी येऊन बसले तेव्हा. ओढ्यापासून टेकडीपर्यंतची सगळी जमीन कोर्टाने वाइमारीच्या एकटीच्या नावावर केली होती. मालकीण दूध पिणारी, म्हणून तिच्या वतीने कारभार बघायला एक गोरा दुकानदार नेमला होता. आणि त्या दुकानदाराने मुलीचं भलं म्हणून जमीन विकायला काढली होती.

"मी उठून सांगितलं ना, काका," रिपेका म्हणत होती. "मी फेनुआबद्दल बोलत होते, म्हटलं. तर तो टिंडल न्यायाधीशाला म्हणतो, बरोबर आहे, ती जमिनीबद्दलच बोलतेय. मी म्हटलं, अरे तो फेनुआ नव्हे, हा. पोटावर हात मारून दाखवला. तर म्हणे, जमीन आपल्याला पोटच्या पोरीसारखी आहे असं ती म्हणतेय. न्यायाधीश माझ्याकडे बघून हसला. गोड हसला, काका."

 "मीही सांगितलं, जमीन एकाची नसते, आम्हा सगळ्यांची आहे," होहेपा आजोबा म्हणाले. "तर कोर्ट म्हणालं, शेतात उभं राहून तुमच्याच बाईने एकटीची म्हणून सांगितलं, साक्षीला साहेब आहे. आता बोल."

"म्हणजे मीच घालवली."

"तू तुझ्या लेकीची वार कुठे आहे ते सांगितलंस. खोटं काय बोललीस त्यात? रडू नकोस, पोरी. माझ्याच्याने बघवत नाही."

मी तिथेच होते. शब्द न् शब्द मी ऐकला होता, माझ्याइतका खरा साक्षीदार त्या कोर्टाला मिळाला नसता. पण खुंटीची साक्ष कोण काढणार?

गावाला नदीपलीकडे जावं लागलं, दगडाळ जागेत. इकडे जंगल जाळलं गेलं. राखेत गवत पेरलं, गवतावर मेंढ्या आल्या. ग्रीव नावाचं जोडपं समुद्रापलीकडून येऊन या जमिनीवर राहिलं. माणसं कष्टाळू. ग्रीवबाई सुरुवातीला माझ्याजवळ येऊन एकटीच रडत बसायची, तिला तिच्या गावची आठवण यायची. आपण कुणाच्या मातीवर बसून रडतोय, हे तिला कुणी सांगितलं नव्हतं.

वाइमारी लग्नाच्या वयाची झाली तेव्हा रिपेका तिला घेऊन परत आली. हातात विणलेली छोटी टोपली होती. वाइमारी शाळेत इंग्रजी शिकली होती, बोलायचं काम तिच्याकडे.

"आईला या खुंटीलगतची थोडी माती हवीय."

"माती?" ग्रीव हसला. "न्या की. तिकडे ओढ्याकाठी चांगली काळी आहे."

"तिकडची नको. इथलीच."

"का? इथे काय आहे?"

वाइमारी अडखळली. आईने फेनुआ म्हणून सांगितलं होतं आणि शाळेत त्या शब्दाचा एकच अर्थ शिकवला होता. ती म्हणाली, "माझी जमीन."

ग्रीवचा चेहरा बदलला. "हे बघ मुली, ही जमीन आम्ही रीतसर घेतलीय. आणि मोजणीच्या खुंटीला हात लावणं गुन्हा आहे. मी सोडा, शिपाईसुद्धा तुला खणू देणार नाही."

रिपेकाने पोटावर हात ठेवला, मग लेकीच्या डोक्यावर, मग वाकून जमिनीवर. ग्रीवबाई दारातून बघत होती, तिचेही दिवस भरत आले होते. "अहो, ऐका तरी," ती म्हणाली. "ती काहीतरी वेगळंच सांगतेय."

"तू आत जा," ग्रीव म्हणाला.

ती आत गेली.

नुसती कलंडले असते तरी चाललं असतं. कुजले असते, कीड लागली असती, तर एखाद्या पावसाळ्यात मी पडले असते आणि माझ्या जागेला कुणी गुन्हा म्हटलं नसतं. पण मी पडले तोताराच्या जातीची. रिपेका रिकामी टोपली घेऊन परत गेली. जाताना माझ्यावरून हात फिरवून गेली, तिचा माझ्यावर राग नव्हता. ती पुन्हा आली नाही.

पुढचं सगळं भराभर झालं. लोणी काढायचा कारखाना आला, आगगाडी आली, रस्त्यांना राण्यांची आणि सेनापतींची नावं दिली गेली. शाळेतली मुलं झेंड्यापुढे ओळीने उभी राहून आपल्या तरुण राष्ट्राचं गाणं म्हणायला लागली. परदेशातल्या एका लढाईत ग्रीवचा धाकटा मुलगा आणि होहेपांचा नातू दोघेही मेले, दोघांची नावं चौकातल्या एकाच दगडावर कोरली. माझ्यावरून रस्ता गेला. वर लोखंडी झाकण बसलं, आणि पुढची कित्येक वर्षं मी चाकांचे आवाज ऐकत काढली.

इथे वसलेल्या शहराला शंभर वर्षं झाली तेव्हा कुणाच्या तरी डोक्यात आलं की पहिली खुंटी शोधू या. यंत्राने मला उपटलं. टाळ्या वाजल्या, फोटो निघाले. जिथे पोहोचायला रिपेकाला एक खुरपं पुरलं असतं, ती माती फावड्यांनी ट्रकमध्ये भरली गेली.

"हे कुठे टाकू?" ड्रायव्हरने विचारलं.

"पोस्टामागे खड्डा बुजवायचाय ना, तिथे ओत. गाड्या लावायला जागा होतेय."

माझ्या टोकाला थोडी माती चिकटून राहिली होती. तेवढी तरी राहील असं वाटलं होतं. एका मुलीने मऊ ब्रशने ती फार काळजीपूर्वक झाडून काढली.

आता मी नगरपालिकेच्या दालनात काचेच्या पेटीत असते. माझ्याखाली लिहिलंय, 'आपल्या शहराची सुरुवात इथून झाली. मूळ मालकीण: वाइमारी.'

परवा एक पिकल्या केसांची बाई पेटीसमोर येऊन उभी राहिली. मारामा तिचं नाव, वाइमारीची नात. तिने ती ओळ वाचली आणि राखणदाराला विचारलं, "ही काढली तेव्हा खालची माती कुठे टाकली?"

"मातीचं काय करायचंय तुम्हाला?"

"माझ्या आजीची वार होती तिथे. माझ्या पणजीला ती नदीपलीकडे न्यायची होती, आपल्या लेकीजवळ." तिला दोन्ही भाषा नीट येत होत्या. प्रत्येक शब्द तिने बरोबर वापरला.

राखणदार ओशाळला. एवढ्या वर्षांत पहिल्यांदा समोरच्याला कळलं. "बाई, खरंच सांगतो, मला माहीत नाही," तो म्हणाला. "माहीत असतं तर मीच खणून दिली असती. विचारून ठेवतो. तुम्ही पुढच्या आठवड्यात याल का?"

"येईन की. गाडी लावायला सोपं पडतं, पोस्टामागे जागा असते नेहमी."

ती गेली. मी काचेआड नुसती उभी होते.

तुम्ही कधी या बाजूला आलात आणि पिकल्या केसांची ती बाई पोस्टामागे गाडी लावताना दिसली, तर तिला हाक मारा. तिला सांगा, मारामाबाई, जरा खाली बघा. कुणाला विचारत फिरू नका, माती तुमच्या गाडीखालीच आहे.