कढई न चढवता

रविवारी दुपारी जेवणाची भांडी घासून झाली, तेव्हा उज्ज्वलाला तिथंच ओट्याखाली भिंतीला टेकून बसावंसं वाटत होतं. पण बसली नाही. बसलं की उठणं होत नाही, हे तिला आताशा चांगलं कळलं होतं. आठवडाभर सुरत महापालिकेच्या मराठी शाळेत दुसरीची पोरं, मधल्या वेळी कसले कसले सर्वे, संध्याकाळी पर्वत पाटियाच्या गर्दीतून वाट काढत घर, आणि घरी सासू. सासू वाईट होती असं अजिबात नाही. पण घरात माणूस गप्प बसून असलं की त्या गप्प बसण्याचंही ओझं होतं, आणि वत्सलाबाई श्रावणापासून गप्प होत्या.

श्रावणात अशोक गेला. उज्ज्वलाचा नवरा, वत्सलाबाईंचा एकुलता एक मुलगा. रिंग रोडच्या मार्केटमध्ये साड्यांच्या एका पेढीवर हिशेब लिहायचा. सकाळी चहा पिऊन छातीत दुखतंय म्हणाला आणि दवाखान्याच्या जिन्यातच संपला. ते पुन्हा पुन्हा सांगून काय होणार? सांगायचं आहे ते त्यानंतरचं.

धुळ्याकडच्या त्यांच्या भाऊबंदात रीत अशी, की ज्या घरातलं माणूस गेलं त्या घरानं आपल्या हातानं गोड करायचं नाही आणि तळणाची कढई चढवायची नाही. पहिल्या सणाला गेलेल्याच्या बायकोच्या माहेरचं कुणीतरी येतं, कढई चढवतं, गोड करतं, तिला आपल्या हातानं भरवतं. मग घर मोकळं. चहातली साखर तेवढी गोडात धरत नाहीत; ती धरली असती तर ही रीत आठवडाभरही टिकली नसती. तसं पाहिलं तर रीत शहाणपणाची आहे. दुःखातून ओढून काढायला बाहेरचाच हात लागतो, हे जुन्या लोकांना कळत होतं. फक्त तो बाहेरचा हात आलाच नाही तर काय करायचं, ते सांगायला मात्र ते विसरले.

उज्ज्वलाचा धाकटा भाऊ सुकदेव दसऱ्याला येणार होता, तर त्याच्या बायकोचा पाय मोडला. दिवाळीला मुलीला ताप आला. संक्रांतीला तर गाडीत बसलोच समज असं म्हणाला, आणि मग दोन दिवस त्याचा फोनच लागला नाही. उज्ज्वलाला भावाचा राग यायचा, मग त्या रागाची लाज वाटायची, आणि शेवटी शेवटी तिला दोन्हीचा कंटाळा आला. वत्सलाबाई यावर एका शब्दानं बोलल्या नाहीत. पण कढई माळ्यावर पालथी पडली होती ती पडलीच. सणावारी डाळभात आणि भाजी गिळताना उज्ज्वलाला सासूच्या गप्प बसण्यात टोमणा ऐकू यायचा, की तुझ्या माहेरच्यांना सवड नाही ना, मग बसा आता.

आज रश्मीचा वाढदिवस होता. उज्ज्वलाची ही एकुलती एक पोर सुरतेतच जन्मली, आणि निम्मंअधिक गुजरातीतच बोलायची. सकाळी क्लासला जाताना पायात चपला सरकवत ती सहज म्हणून गेली, "मम्मी, रहेवा दे ने, कंई नथी करवुं." काही करायचं नाही, राहू दे. तिनं रडून गोंधळ घातला असता तर उज्ज्वलाला बरं वाटलं असतं. विसाव्या वर्षी पोरीला इतकं समजूतदार व्हावं लागलं, हे तिच्या फार जिव्हारी लागलं. आज या घरात रश्मीसाठी काहीतरी गोड असायलाच हवं होतं, आणि म्हाताऱ्या सासूची रीतही मोडायची नव्हती. या दोन्हींत बसेल असं काय करावं, याचा विचार करण्यात तिचा आठवडा बसमध्येच गेला होता.

फळीवर सुक्या मेव्याचा एक डबा होता. अशोकचा शेठ दरवर्षी दिवाळीला पाठवायचा, तसा त्यानं यंदाही पाठवला. माणूस गेला तरी डबा आला, आणि तो घेताना उज्ज्वलाला आधी बरं वाटलं होतं आणि मग फार वाईट. त्याला कुणी हात लावला नव्हता. आज तिनं त्याची चकाकती पट्टी कापली. खजूर, अंजीर, जर्दाळू, काळ्या मनुका, थोडे अक्रोड. मनुका वाळून खडखडीत झाल्या होत्या, पण कीड नव्हती.

लोफची, म्हणजे लांबट पावासारख्या केकची, कृती शाळेतल्या एका बाईंनी मोबाइलवर व्हिडिओतून पाठवली होती. सुका मेवा चिरून गरम कोऱ्या चहात भिजवायचा, तो फुगला की त्यात दही, तेल, कणीक, सोडा घालून कालवायचं आणि भाजायचं. साखर नाही, गूळ नाही, जी काय गोडी ती फळांची. म्हणजे गोड केलं असं म्हणता येणार नाही. तळायचं नाही, म्हणजे कढईचाही प्रश्न नाही. वकिलानंही मान डोलवावी असा मुद्दा होता. फक्त व्हिडिओतली बाई पहिल्याच वाक्यात हसऱ्या तोंडानं म्हणाली, की ओव्हन नसेल तर घरातली मोठी कढई घ्या. उज्ज्वलानं मोबाइल पालथा ठेवला आणि मोठा कुकर काढला.

कुकरची शिट्टी काढली, झाकणाचं रबर काढलं, तळाला वाटीभर जाडं मीठ पसरलं आणि त्यावर जाळी ठेवून तापायला लावला. लोफचं लांबट भांडं या घरात कुठून असणार? अशोकचा लांबट डबा होता, पोळ्या दुमडून ठेवायचा. तो श्रावणापासून तसाच धुऊन ठेवलेला. तिनं त्याला आतून तेलाचा हात लावला, पीठ भुरभुरवलं आणि फार विचार न करता मिश्रण त्यात ओतलं. विचार केला असता तर दुपार तिथंच संपली असती.

तासाभरानं वास सुटला. भाजलेल्या खजुराचा वास लपत नाही; तो आधी स्वयंपाकघर भरतो, मग बाहेरची खोली. उज्ज्वलानं खिडकी उघडली, पंखा लावला, आणि आपण या वयात चोरून खाणाऱ्या पोरासारखं वागतोय हे कळून तिला आणखीच थकल्यासारखं झालं. बाहेर खाट कुरकुरली. वत्सलाबाई गुडघ्यांवर हात ठेवत दारात येऊन उभ्या राहिल्या.

"काय करी ऱ्हायनी?" त्यांनी अहिराणीत विचारलं.

उज्ज्वलानं सगळं एका दमात सांगून टाकलं. साखर घातली नाही, गूळ घातला नाही, कढईला हात लावला नाही, रश्मी आली की तिला एक तुकडा देणार, बाकीचा उद्या शाळेत नेणार. वत्सलाबाईंनी सगळं ऐकून घेतलं आणि विचारलं, की इतकी कसरत कुणासाठी.

"तुमच्यासाठी," उज्ज्वला म्हणाली, आणि तिचा आवाज तिच्याही नकळत चढला. "तुम्हाला चालत नाही म्हणून. सुकदेव येत नाही, त्यात माझा काय दोष, आत्याबाई? मी दमले आता. पोरीचा वाढदिवस आहे आणि मी कुकरमध्ये चोरून भाजतेय."

वत्सलाबाई स्टुलावर बसल्या.

"माले चालत नही, आसं कोन सांगं तुले?"

कुणीच सांगितलं नव्हतं. उज्ज्वलाला आठवेना, की सासू असं कधी म्हणाली होती. तिनं ते सासूच्या तोंडावरून वाचलं होतं, आणि लेकरू गेलेल्या बाईच्या तोंडावर दुसरं काय लिहिलेलं असणार?

मग वत्सलाबाई हळूहळू बोलू लागल्या. बारडोलीला त्यांची धाकटी बहीण राहायची, साखर कारखान्यातल्या नोकरीमुळे तिकडेच स्थायिक झालेली. तिनं दसऱ्याला फोन करून विचारलं, दिवाळीला विचारलं, की मी येते आणि गोड करून जाते. "मीच तिले नको सांगं," त्या म्हणाल्या. "तुना भाऊना मान शे तो. त्याले सोडीसन दुसराना हातनं कयं अस्तं, तं तुले वाटतं, मना माहेरले आठे किंमत नही."

भावाच्या मानाची उज्ज्वलानं कधी पर्वाच केली नव्हती. बारडोलीची मावशी काय, रस्त्यावरचं कुणीही येऊन भरवून गेलं असतं तरी तिला चाललं असतं. ती सासूसाठी थांबली होती आणि सासू तिच्यासाठी. दोघींनी मिळून दसरा, दिवाळी आणि संक्रांत अशी घालवली होती, आणि मधल्यामधे पोर उपाशी.

लोफ काढला तेव्हा तो मधे चिरला होता आणि मेवा सगळा तळाशी जाऊन बसला होता. वत्सलाबाईंनी तो निवूही दिला नाही. कापायला लावला, ताटलीत घेतला, डोक्यावरून पदर ओढला आणि चपला घालून निघाल्या. समोरच्या घराची बेल वाजलेली उज्ज्वलाला ऐकू आली. तिथं नयनाबेन राहायच्या, दिवसभर साड्यांना लेस लावायचं काम करायच्या. थोड्या वेळानं वत्सलाबाई रिकाम्या हातानं परत आल्या आणि खुर्चीत बसल्या.

म्हणजे शेजारी देऊन टाकला. इतकं सगळं बोलून झालं आणि तरी घरात ठेवला नाही. रश्मीसाठी एक फोडसुद्धा ठेवली नाही. विचारायचंही तिच्यात त्राण नव्हतं. ती मिठाचा कुकर उचलून मोरीकडे निघाली, तेवढ्यात दाराची बेल वाजली.

"उघड," वत्सलाबाई बसल्या जागेवरून म्हणाल्या. "पाव्हना उना व्हई."

दारात नयनाबेन उभ्या होत्या. साडीला लेसचे धागे चिकटलेले, हातात त्यांच्या घरची ताटली, वर त्यांचा भरतकामाचा रुमाल. वत्सलाबाईंनी शिकवलेलं वाक्य त्यांनी आठवून आठवून म्हटलं, "हुं उज्ज्वलाबेनना पियरथी आवी छुं." उज्ज्वलाबेनच्या माहेराहून आलेय. मग रुमाल काढला आणि लोफचा तुकडा तिच्या तोंडापाशी धरला. "लो, मोढुं मीठुं करो." घ्या, तोंड गोड करा.

उज्ज्वलानं तोंड उघडलं. तुकडा अजून गरम होता. खाली थोडा करपलेला, चहाचा तुरटपणा असलेला, आणि मधेच दाताखाली आलेल्या खजुराची गोडी. श्रावणानंतर पहिल्यांदा तिला कुणीतरी भरवत होतं. तिला रडू आलं, आणि तोंडात घास असताना रडता येत नाही, त्यामुळे तिची फार पंचाईत झाली. नयनाबेननी तिच्या पाठीवरून हात फिरवला, ताटली तिच्या हातात दिली आणि घरी गॅसवर दूध आहे म्हणत घाईनं निघून गेल्या.

ताटली घेऊन उज्ज्वला आत वळली. वत्सलाबाई खुर्चीत सरळ बसून तिच्याकडे बघत होत्या.

"आते मालेबी दे," त्या म्हणाल्या. "मनाबी पोऱ्या गया ना, उज्ज्वला."

रिवाजानं विधवेला भरवायला माणूस ठरवून दिलं होतं. आईला कुणी भरवायचं, ते कुणीच ठरवलेलं नव्हतं. दसऱ्याला, दिवाळीला, संक्रांतीला, भाऊ आज येतो का उद्या याची वाट बघत असताना उज्ज्वलाच्या एकदाही मनात आलं नव्हतं, की ही बाईसुद्धा तशीच थांबलीय आणि तिच्यासाठी कुणी येणारही नाही. ती खुर्चीपाशी खाली बसली आणि मऊ बघून एक तुकडा तिनं सासूच्या तोंडात घातला. वत्सलाबाईंनी तो उरलेल्या दातांनी बराच वेळ चावला. डोळ्यांतलं पाणी त्यांनी पुसलं नाही.

"गूळ टाकना व्हता," घास गिळल्यावर त्या म्हणाल्या.

रश्मीच्या वाटचा लोफ उज्ज्वलानं रुमालाखाली झाकला. मग पोर यायच्या आत पुऱ्या तळाव्यात म्हणून माळ्यावरची कढई काढायला ती उठू लागली. वत्सलाबाईंनी तिच्या खांद्यावर हात ठेवला आणि तिला तसंच खाली बसवलं.

"बठ जराशी," त्या म्हणाल्या. "कढई पोर उनी का तीच काढी."